दारासमोर बसलेल्या मॅडम

कुठलंही दार दिसलं की मॅडम पायांतले बूट काढायच्या. आत जायचं असो वा नसो. घराला कुलूप असलं तरी काढायच्या, गोठ्याचं फाटक असलं तरी काढायच्या. एकदा दहिवडीच्या एसटी स्टँडवर चौकशीच्या खिडकीपुढेही त्यांनी काढले, तेव्हा आतल्या कंट्रोलरसाहेबांनी मान बाहेर काढून आधी बुटांकडे आणि मग माझ्याकडे पाहिलं.  तोवर मला सवय झाली होती, आणि खरं सांगायचं तर ते आवडायलाही लागलं होतं.

त्या गोष्टीला आता काही वर्षं झाली. तरी उन्हाळ्यात दुपारी वर्ग सुटले, मैदान रिकामं झालं आणि माळावरून तापलेला वारा यायला लागला, की मला त्या दिसतात. चार खिशांचा पांढरट शर्ट, डोक्यावर कापडी टोपी, हातात घडीचं स्टूल. स्टुलाचा एक पाय आखूड होता. त्यावर बसल्या की त्या जराशा डावीकडे कलायच्या. माझे सिनेमेही असेच कललेले असतात, असं त्या हसत सांगायच्या.

मॅडम कोरियाच्या. सिनेमे काढणं हा त्यांचा उद्योग, पण त्यांच्यामागे कंपनी नव्हती, नट-नट्या नव्हत्या. एक छोटा कॅमेरा, तो उभा करायला एक तिकाटणं आणि त्या. वयानं चाळिशी ओलांडलेल्या. आमच्या कॉलेजात त्या आल्या तेव्हा प्राचार्यांनी मला वर्गातून बोलावून घेतलं आणि म्हणाले, "सर, इंग्रजी तुमचा विषय. बघा बाई काय म्हणतायत."

मी तेव्हा तासिका तत्त्वावर शिकवत होतो. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. आई-वडिलांनी मेंढरं-शेरडं राखून मला शिकवलं. इंग्रजीत एम. ए. झालो, पण ते इंग्रजी पुस्तकातलं. बोलायची वेळ आली की घशात अडकायचं. मॅडमचं इंग्रजी माझ्याहून मोडकं निघालं. त्या दोन शब्द बोलायच्या, तिसरा मी द्यायचा, चौथा हातवाऱ्यांनी यायचा. दोघांची मिळून एक भाषा कशीबशी पुरी व्हायची. त्या दिवशी मला पहिल्यांदाच माझ्या इंग्रजीची लाज वाटली नाही. हे ऋण मी आजही मानतो.

त्यांनी मला एक चित्र दाखवलं. मधोमध दार. दोन्ही अंगांना दोन देवळ्या, दिवा ठेवायला असतात तशा. खाली उंबरा आणि एक पायरी. डाव्या हाताला झाड. आणि दारावर पडलेल्या तिरक्या रेघा, म्हणजे मावळतीचं ऊन. हे दार त्या शोधत होत्या.

त्याची हकिगत अशी. मॅडमचे आजोबा मूळ उत्तर कोरियातले. ऐन तारुण्यात दोन कोरियांच्या लढाईत कैद झाले. लढाई थांबल्यावर कैद्यांना विचारण्यात आलं, परत जायचं का? ते नाही म्हणाले. का नाही म्हणाले, हे त्यांनी जन्मभर कुणाला सांगितलं नाही. निकाल लागेपर्यंत त्यांना ज्या छावणीत ठेवलं होतं, तिथं पहारा त्रयस्थ म्हणून गेलेल्या आपल्या भारतीय पलटणीचा होता. त्या पहाऱ्यावरच्या एका शिपायाची आणि आजोबांची ओळख झाली. एकाची भाषा दुसऱ्याला येत नव्हती. म्हणून शिपाई काठीनं मातीत आपल्या घराचं दार काढायचा. तिथंच आजोबाही आपल्या घराचं दार काढायचे. दोघं बघत बसायचे. मग शिपाई हातानं दोन्ही दारं पुसून टाकायचा आणि गस्तीला निघायचा.

आजोबांना स्वतःचं दार पुन्हा कधीच दिसलं नाही. ते राहिलं सीमेपलीकडे. शिपायाचं नावही ते विसरले. गाव मात्र लक्षात राहिलं: सातारा.

आता ते नव्वदीत होते आणि वृद्धाश्रमात असायचे. कधी नातीला ओळखायचे, कधी नाही. पण त्या दोन दारांबद्दल रोज बोलायचे; चित्रही त्यांच्या सांगण्यावरूनच काढलेलं. मॅडम मला म्हणाल्या, "त्यांच्या दारापर्यंत मी जाऊ शकत नाही. तिथं कुणीच जाऊ शकत नाही. पण या दुसऱ्या दारापर्यंत जाता येईल. ते असेपर्यंत त्यांना हे दाखवायचंय."

मी म्हणालो, "मॅडम, सातारा नुसतं गाव नाही. सातारा जिल्हा आहे."

त्या म्हणाल्या, "मग आपण सगळीकडे जाऊ." आणि बूट घालू लागल्या.

आमचा भाग पलटणीत जाणाऱ्यांचा. ज्या घरात जावं तिथं भिंतीवर टोपीतला एक तरी फोटो असतोच. एका गावात चित्र दाखवलं की पाच घरं पुढं यायची. ह्ये आमचंच दार, आमचा आजा गेलता तिकडं, बोटीनं गेलता. मग आम्ही बघायला जायचो, आणि दार उगवतीला निघायचं. आमच्याकडे घराचं तोंड शक्यतो उगवतीला ठेवतात. मावळतीचं दार शोधूनच काढावं लागतं. एका निवृत्त सुभेदारांनी तर छातीठोकपणे सांगितलं की त्यांचं दार मावळतीलाच होतं, वडिलांनी मागाहून फिरवून घेतलं. घर फिरवलं की दार, असं त्यांच्या सौभाग्यवतींनी आतून विचारलं, तेव्हा ते कोट आणायला उठले.

त्याच सुभेदारांकडे मी मॅडमची काम करायची रीत पहिल्यांदा पाहिली. सुभेदारांनी इस्त्रीचा कोट घातला, पदकं लावली आणि आपल्या नोकरीची सगळी कथा सांगितली. कथा संपली. ते ताठ बसून राहिले. आता बाई थांबवतील, मग चहा घेऊ, असा त्यांचा हिशेब. मॅडमनी थांबवलंच नाही. कॅमेरा चालूच. सुभेदारांनी घसा साफ केला. गुडघा खाजवला. कोटाचं वरचं बटण काढलं. पत्नीला पाणी मागितलं, तिनं ते तांब्यातून दिलं. तांब्या हातात धरून ते कितीतरी वेळ अंगणात बघत राहिले आणि मग आपल्याशीच बोलल्यासारखं म्हणाले, "धाकटा भाऊ माझ्या मागनं भरती झाला. म्याच नेलता त्याला." एवढंच.  मॅडमनी डोळे मिटून मान लववली.

बाहेर आल्यावर मी विचारलं, तुम्ही थांबवा असं म्हणतच नाही का? त्या म्हणाल्या, "माणूस सांगायचं ठरवतो ते सांगून झालं की मी जागी होते."

त्यांचे दोन मराठी शब्द पक्के होते. एक म्हणजे "बसा". दुसरा, "अजून नाही". पहिला त्या येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला म्हणायच्या, अगदी ज्याच्या घरी गेलो त्यालाही. दुसरा त्या स्वतःला म्हणायच्या. दार बघायच्या, मागं सरायच्या, डोळे मिटून उघडायच्या आणि पुटपुटायच्या, अजून नाही.

गाडीची वाट बघताना त्या मला आपले सिनेमे सांगायच्या. दाखवायच्या नाहीत, सांगायच्या. पहिला सिनेमा त्यांच्या आईचा. समुद्रकाठच्या गावात बायका दोरीवर मासे वाळत घालतात. ढग आले की काढतात, ढग गेले की घालतात. बस, एवढाच. त्याच्या एका खेळाला थिएटरात एकच माणूस होता आणि तो गाढ झोपला होता. मॅडम त्याच्या शेजारी जाऊन बसल्या. उठल्यावर तो म्हणाला, फार दिवसांनी झोप लागली. हे सांगताना त्यांचा चेहरा बक्षीस मिळाल्यासारखा व्हायचा.

दुसरा सिनेमा एका नावाड्याचा. त्याच्या खाडीवर पूल बांधला जातोय आणि तो रोज नाव चालवता चालवता पूल वाढताना बघतोय. शेवटी पूल पुरा होतो. पुतण्या त्याला गाडीत घालून पुलावरून नेतो. पूल लागला की नावाडी डोळे मिटून घेतो. हा सिनेमा परदेशात गेला, लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि त्यानंतर मॅडमना कुणी काम दिलं नाही. मधली कितीतरी वर्षं त्यांनी शाळेच्या मुलांची गाडी चालवली. लग्नाचं शूटिंगही करून पाहिलं. पण त्यांचा कॅमेरा नवरा-नवरी सोडून नवरीच्या आईवर जाऊन थांबायचा. गिऱ्हाईक पुन्हा बोलवायचं नाही.

मी तोवर समुद्र पाहिला नव्हता. म्हणून त्यांच्या समुद्राला मी आमच्या माळाचा रंग दिला होता, चैत्रात असतो तो फिकट पिवळा. मासे वाळत घालणाऱ्या बायकांच्या डोक्यावर मी पदर दिला होता. पुढे त्यांनी तो सिनेमा मला पाठवला. त्यात समुद्र राखाडी आहे आणि बायकांनी डोक्याला रुमाल बांधलेत. तरी माझ्या मनातल्या बायका अजून पदर घेऊनच मासे वाळत घालतात. मला वाटतं, मॅडमना ते चाललं असतं.

तो भाग तेव्हा दक्षिण साताऱ्यात होता, असं कुणीतरी सांगितलं म्हणून आम्ही सांगली जिल्ह्यात आष्ट्यालाही गेलो. उसाच्या हिरव्या भिंतींमधून गाडी जात होती आणि मॅडम खिडकीला गाल लावून बघत होत्या. आष्ट्यातलं ते घर खरंच मावळतीचं निघालं. देवळ्या होत्या, पायरी होती. दाराला आता लोखंडी जाळी बसवली होती. फक्त झाड उजव्या हाताला होतं. मला वाईट वाटलं. घरच्यांनी चहा दिला, फोटो काढून घेतले, झाड पूर्वी डावीकडं असेल असंही सुचवून पाहिलं. मॅडम अंगणात उकिडव्या बसल्या आणि काडीनं मातीत दार काढू लागल्या. मग मला समोर बसायला सांगितलं.

"माझ्याकडून झाड डावीकडे," त्या म्हणाल्या. "तुझ्याकडून?"

माझ्याकडून ते उजवीकडे होतं.

शिपाई आणि आजोबा शेजारी बसायचे की समोरासमोर, हे आजोबांना कधी विचारलंच नव्हतं. आणि आता विचारून उपयोग नव्हता. म्हणजे इतके दिवस आम्ही जी दारं झाड बघून सोडून दिली, त्यातलंही एखादं असू शकलं असतं. माझं अवसान गेलं. मॅडम मात्र हसायला लागल्या. सांगलीला कृष्णेच्या घाटावर बसलो तरी हसत होत्या. समोर पाणी हलत नव्हतं. त्या म्हणाल्या, "टीचर, दार सापडणार नाही बहुतेक. दार बहुतेक बसून राहिल्यावर येतं."

मला तेव्हा ते पटलं नव्हतं.

मग माण तालुक्यातल्या एका वाडीत ते कुलूपबंद घर दिसलं. मावळतीचं दार. दोन देवळ्या, एक पायरी, डावीकडे लिंब. घरची माणसं मुंबईला. मी फोन लावला तर मालक म्हणाले, आजा पलटणीत होता खरा, बोटीनं कुठंतरी गेलता म्हणायचे, पण कुठं ते सांगायला आता कोण राहिलंय? किल्ली शेजारच्या नानींकडं आहे, उघडून बघा. मॅडम नको म्हणाल्या. आजोबांनी आतलं कधी पाहिलं नव्हतं.

त्या आठवड्यात आश्रमातून निरोप आला होता की आजोबा आता जेवण घेत नाहीत. मॅडमनी दुसऱ्या दिवशीच तिथं बसायचं ठरवलं. मावळतीचं ऊन चित्रातल्यासारखं दारावर पडेल तेव्हा ते टिपायचं, आणि निघायचं. मला सकाळी तास होते. मी त्यांना वाडीत सोडून कॉलेजला आलो.

दुपारी मोटारसायकल बोळाच्या तोंडाशी लावली आणि पुढं बघून माझे पाय थांबले. दारासमोर मॅडम जमिनीवर बसल्या होत्या. त्यांच्याभोवती वाडीतल्या बायका. तोंडाला पदर, खाली माना. नानी तर हुंदके देत होत्या. फडक्याखाली झाकलेली भाकरी-पिठल्याची पाटी बाजूला होती. आमच्याकडे कुणी गेलं की त्या घरात चूल पेटत नाही. शेजारीपाजारी भाकरी आणतात, त्याला कडू घास म्हणतात. पाटी बघितली आणि मला कळायचं ते कळलं. मी धावलो.

"मॅडम, आजोबा?"

त्यांनी मान वर केली. "अजून नाही," त्या म्हणाल्या.

मी नानींना बाजूला घेऊन विचारलं, काय झालं?

"आमालाच इचारता व्हय सर?" नानी डोळे पुसत म्हणाल्या. "सकाळधरनं दार धरून बसलीया. पोटात काय न्हाई, तोंडात शब्द न्हाई, पायात वहाण न्हाई. आमी म्हटलं, कोणतरी गेलं हिचं. परक्या मुलखात एकटी बाय. बसाय नको?"

"नानी, कोणी गेलं नाही. त्या उजेडाची वाट बघत बसल्यात."

"उजेडाची?" नानींनी भर दुपारच्या उन्हाकडं पाहिलं.

आखूड पायाचं स्टूल त्या दिवशी सकाळी मोडलं होतं, म्हणून मॅडम जमिनीवर बसल्या होत्या. एवढ्यावरून हे सगळं झालं होतं. एक तरुण सून पदराआड हसायला लागली आणि म्हणाली, मग आपण रडलो ते कुणासाठी गं?  मला ते मागाहून कळलं. नानींची बहीण पल्याडच्या गावात वारली होती आणि नानींना शेवटचं बघायला जाता आलं नव्हतं. प्रत्येकीचं कुणी ना कुणी होतं.

"आता आलोच हाय तर बसू घटकाभर," नानी म्हणाल्या. "उठून जाणं बरं दिसत न्हाई."

मी मॅडमना सगळं समजावून सांगितलं. कडू घास म्हणजे काय तेही सांगितलं.  मग त्यांनी लिंबाखाली बोट दाखवलं. तिथं उन्हासाठी टॉवेल टाकून कॅमेरा उभा होता आणि तो सकाळपासून चालू होता. म्हणाल्या, विचार त्यांना, हे मी ठेवू का? नको म्हणाल्या तर आत्ता पुसून टाकते.

नानींना छोट्या पडद्यावर दाखवलं. त्यांनी स्वतःला निरखून बघितलं आणि म्हणाल्या, "ठेव म्हणावं. रडणं काय झाकून ठेवायची गोष्ट हाय?"

"त्यांना सांग," मॅडम म्हणाल्या, "माझे आजोबा अजून आहेत. पण जाणार आहेत."

मी सांगितलं. नानींनी मॅडमच्या पाठीवर हात ठेवला. "जात्यात, पोरी," त्या म्हणाल्या. "समदीच जात्यात." हे मी इंग्रजीत सांगायला लागलो तर मॅडमनी हातानं मला थांबवलं.

मग त्यांनी पाटीवरचं फडकं काढलं, भाकरी मोडली आणि ठेचा मागितला. कडू घासाबरोबर ठेचा मागणारी बाई वाडीनं पहिल्यांदा पाहिली असेल. नानींनी तरी तो आणवला. मॅडम डोळ्यांतून पाणी गळेस्तोवर खात राहिल्या आणि बायका हसत राहिल्या. संध्याकाळी ऊन दारावर आलं तेव्हा बायका अजून तिथंच होत्या. त्यांच्या सावल्या दारावर पडल्या. मॅडमनी कुणालाही हलायला सांगितलं नाही. ज्या चौकटीसाठी त्या एवढ्या लांबून आल्या होत्या, ती सावल्यांनी निम्मी झाकून गेली होती. त्या एकदाही "अजून नाही" म्हणाल्या नाहीत.

त्या मायदेशी परतल्या आणि काही दिवसांनी त्यांचा व्हिडिओ कॉल आला. आजोबांना दाखवलं, म्हणाल्या. मी विचारलं, दार तेच का? त्या म्हणाल्या, दाराबद्दल ते बोललेच नाहीत. बायकांकडे बोट करून विचारलं, या कुणासाठी रडतायत?

"मी म्हणाले, तुमच्यासाठी. ते म्हणाले, पण मी अजून आहे. मी म्हणाले, हे मी त्यांना सांगितलं होतं, तर त्या म्हणाल्या, आता आलोच आहोत तर बसू."

आजोबा खूप हसले म्हणे. पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा बघितलं. मग पांघरुणावर बोटानं काहीतरी काढलं, नातीला ते नीट दिसलं नाही, आणि तळहातानं पुसून टाकलं. संध्याकाळी दोन घास भात खाल्ला.

सिनेमा पुरा झाला, एक-दोन ठिकाणी लागला. कुणी झोपलं का, असं मी विचारलं. दोघंजण, त्या अभिमानानं म्हणाल्या.

गेल्या वर्षी थंडी सरता सरता एका सकाळी फोनवर त्यांचा व्हॉइस मेसेज आला. एकच वाक्य, तेही मराठीत. "टीचर, बसा." त्यापुढे काही नाही, पण आवाज बंद झाला नव्हता. खोलीतल्या कसल्या तरी यंत्राची घरघर, दूर कुणाची तरी पावलं, मॅडमचा श्वास. त्यांनी थांबवलंच नव्हतं. मी ते शेवटपर्यंत ऐकलं आणि वाडीला गेलो.

नानी चुलीपुढं होत्या. माझा चेहरा बघून म्हणाल्या, "म्हातारा गेला?"

मी मान हलवली.

नानींनी तव्यावरची भाकरी उलटली, शेकली, काढली. चुलीतली लाकडं मागं ओढली. "त्या येळी आधीच बसलो हुतो," त्या म्हणाल्या. "आता गेल्यावर बसाय पायजे का नको? जा, बाकीच्यास्नी हाळी दे."

त्या कुलूपबंद दारासमोर आम्ही बसलो. मालकाला कळवलं नव्हतं. ज्याच्यासाठी बसलो त्याचं नाव आमच्यातल्या कुणालाच घेता येत नव्हतं. नानींनी पदर तोंडाला लावला. या वेळी लिंबाखाली कॅमेरा नव्हता. मी फोनही काढला नाही. शेरडं चरून परत आली, आमच्याकडे बघून बाजूनं गेली. ऊन पायरीवर आलं, उंबऱ्यावर चढलं, मग दोन्ही देवळ्यांत भरलं. कुणी उठायचं नाव काढेना.

पायांना गारवा लागला म्हणून मी खाली पाहिलं. बूट माझ्या पायांत नव्हते. ते बोळाच्या तोंडाशी होते, मोटारसायकलजवळ, आणि मी ते केव्हा काढले हे मला आठवत नव्हतं.